माझा आवाज मलाच परत ऐकू येतोय, मग बिघाड कोणाकडे?

मागच्या महिन्यात एका रविवारी रात्री लालबागला बहिणीकडे जेवायला गेलो होतो. भाचा दहावीत आहे, अभ्यास संपला की तास-दीड तास मित्रांबरोबर मोबाईलवर चौघांचा स्क्वॉड करून गेम खेळतो. मी आत शिरलो तेव्हा पलंगावर बसून कानावरचा हेडसेट काढून त्याच्याकडे रागाने बघत होता. "मामा, हा पण गेला." दोन महिन्यांतला हा दुसरा हेडसेट, पहिला असाच "गेला" म्हणून ड्रॉवरमध्ये पडलाय. नेमकं काय होतंय विचारलं तर म्हणाला, मी बोललो की माझाच आवाज मला परत येतो, आणि बाकीचे पण ओरडतात की तुझा आवाज डबल येतोय, माईक बदल.

मी हेडसेट एका कानाला लावला. तेवढ्यात आत भाताच्या कुकरची शिट्टी झाली. एकदा स्वयंपाकघरातून ऐकू आली, आणि पापणी लवते न लवते तोच तीच शिट्टी, जराशी चेपलेली, पत्र्याच्या डब्यातून आल्यासारखी, हेडसेटमधून पुन्हा. हा एको. आणि तो ऐकल्यावर पहिली गोष्ट मी भाच्याला सांगितली ती ही की तुझा हेडसेट एकदम ठणठणीत आहे, बिघाड तिघांपैकी कोणाच्या तरी घरी आहे.

ही गोष्ट लोकांना पटत नाही. माझा आवाज मला परत येतोय म्हणजे माझ्याकडेच काहीतरी गडबड, असं प्रत्येकाला वाटतं. पण त्या शिट्टीचा रस्ता बघा. भाच्याच्या माईकमध्ये शिरली, नेटवरून मित्राच्या फोनवर गेली, तिथे स्पीकरमधून वाजली, मित्राच्या खोलीत घुमली, मित्राच्याच माईकने ती पुन्हा पकडली आणि उलट पाठवून दिली. म्हणजे जो मित्र हेडफोन न लावता फोनचा स्पीकर चालू ठेवून खेळतोय, त्याच्याकडून सगळ्यांचे आवाज परत फिरतात. एक सोडून, त्याचा स्वतःचा! त्याला सगळं स्वच्छ ऐकू येत असतं. म्हणून नियम सोपा आहे, चौघांमध्ये ज्याची काहीच तक्रार नाही त्याच्यावर पहिला संशय घ्यायचा. भाच्याने एकेकाला म्यूट करून बघितलं. डोंबिवलीवाला म्यूट, एको तसाच. घाटकोपरवाला म्यूट, तसाच. नालासोपाऱ्याच्या मित्राला म्यूट केलं आणि एको गायब. "पण मामा, तो तर म्हणत होता मला क्लिअर येतंय!" तेच तर.

आता, स्वतःच्या खोलीत बोलताना पण आपला आवाज भिंतींवरून परत येतोच, मग तो का टोचत नाही? कारण तो फार लवकर येतो. मुंबईच्या हवेत आवाज सेकंदाला साधारण ३५० मीटर जातो, समोरच्या भिंतीवर आपटून यायला दहा-पंधरा मिलिसेकंद पुरतात, आणि तीस-चाळीस मिलिसेकंदांच्या आत आलेला प्रतिध्वनी आपला मेंदू मूळ आवाजातच मिसळून टाकतो (हेल्मुट हास या जर्मन संशोधकाने १९४९मध्ये हे मोजून दाखवलं). नेटवरून मात्र आवाज आधी तुकड्यांत बांधायचा, पाठवायचा, तिकडे थोडा थांबवून उलगडायचा, आणि मग हाच सगळा प्रवास उलटा, यात मिळून पाव सेकंद सहज जातो. मेंदूला तो दुसराच आवाज वाटतो आणि बोलता बोलता जीभ अडखळते.

पण मला खरं लिहायचंय ते पुढच्या प्रश्नावर. स्पीकर चालू ठेवून आपण रोज व्हिडिओ कॉल करतो, आजीशी, गावाला, तेव्हा एको का येत नाही? नियमाने यायलाच हवा. तो येत नाही कारण फोनमध्ये एको कॅन्सलर नावाचा एक हिशोब सतत चालू असतो, आणि आपल्या खिशातल्या सगळ्या तंत्रज्ञानात मला सगळ्यात सुंदर वाटणारी गोष्ट हीच आहे.

तिची गरज पडली उपग्रहामुळे. १९६५मध्ये अर्ली बर्ड हा भूस्थिर उपग्रह वर गेला आणि त्याच्यामार्फत खंडांपलीकडे फोन सुरू झाले. जवळपास ३६ हजार किलोमीटर वर जायचं आणि तेवढंच खाली यायचं, म्हणजे प्रकाशाच्या वेगाने पण पाव सेकंद, आणि परत फिरलेला आवाज अर्ध्या सेकंदाने कानात. तिथे एको खोलीतून नाही तर टेलिफोनच्या तारा जिथे जोडल्या जातात तिथून परतायचा, पण त्रास हाच. जुना उपाय म्हणजे एक जण बोलत असताना दुसऱ्याची लाईनच कापायची, मग दोघं एकदम बोलले की संभाषणाचे तुकडे व्हायचे. अमेरिकेतल्या बेल लॅब्समधल्या संशोधकांनी वेगळा विचार केला की लाईन कापायची नाही, एको नेमका कसा असेल ते ओळखायचं आणि तेवढाच वजा करायचा. यातला १९६७चा गाजलेला शोधनिबंध मनमोहन सोंधी यांचा, म्हणजे आपल्याच देशातून तिकडे गेलेल्या माणसाचा. शाळेच्या पुस्तकात हे नाव असायला हवं असं मला मनापासून वाटतं.

ओळखायचं कसं? समजा त्या नालासोपाऱ्याच्या खोलीत फोनच्या स्पीकरमधून एकच टाळी वाजवली. माईकला आधी सरळ आलेली टाळी ऐकू येईल, मग जवळच्या भिंतीवरून आलेली जरा बारीक, मग छतावरून, मग भिंतीवरून छतावर आणि तिथून, असं करत शेपटी विरत जाईल. कुठल्या क्षणाला किती जोराची टाळी आली याची यादी केली की ती झाली त्या खोलीची कुंडली, आणि कुंडली या शब्दाला अर्थ असेल तर तो इथेच आहे. फोन आवाजाचे सेकंदाला १६ हजार नमुने घेत असेल (म्हणजे आवाजाची पातळी तितक्या वेळा मोजून आकड्यात नोंदवत असेल) तर दोन नमुन्यांच्या मध्ये आवाज सव्वादोन सेंटीमीटर चालतो. म्हणजे यादीतला प्रत्येक आकडा हा खोलीतल्या सव्वादोन सेंटीमीटर वाटेचा हिशोब! फोन पलंगावरून उचलून टेबलावर ठेवला, कोणी कपाटाचं दार उघडलं, की यादी बदलली.

ही यादी फोनला कोणी देत नाही, ती तो स्वतः शिकतो. सुरुवातीला सगळे आकडे शून्य. स्पीकरवर आपण काय वाजवलं हे फोनला माहीत असतंच, त्या गेल्या काही हजार नमुन्यांना यादीतल्या आकड्यांनी गुणून बेरीज केली की या क्षणी माईकवर किती एको यायला हवा त्याचा अंदाज निघतो. अंदाज वजा करायचा. जे उरलं ती चूक. आता प्रत्येक आकडा थोडासा हलवायचा, किती हलवायचा तर चूक गुणिले त्या आकड्याच्या वाट्याला आलेला जुना नमुना, गुणिले एक लहानशी पावलाची लांबी. बास, एवढंच. पुढचा नमुना आला की पुन्हा अंदाज, पुन्हा चूक, पुन्हा पाऊल. हे सूत्र विड्रो आणि हॉफ यांनी १९६०मध्ये स्टॅनफर्डला मांडलं, आणि आज ज्या न्यूरल नेटवर्कचा एवढा गाजावाजा आहे ती पण मुळात अशीच चुकीतून पावलं टाकत शिकतात. पाऊल मोठं ठेवलं तर यादी खऱ्या उत्तराच्या भोवती डुलत राहते, कधी भरकटते पण, आणि लहान ठेवलं तर शिकायला वेळ लागतो, म्हणून पावलाला गेल्या नमुन्यांच्या एकूण ऊर्जेने भागतात, म्हणजे हळू आवाजात आणि मोठ्या आवाजात शिकण्याचा वेग सारखा राहतो. ०.२ सेकंदांची शेपटी धरली तर ३२०० आकडे, प्रत्येकाला दोन गुणाकार, सेकंदाला १६ हजार वेळा, म्हणजे दहा कोटींच्या वर गुणाकार दर सेकंदाला. (प्रत्यक्षात आवाज वारंवारतांमध्ये फोडून, ठोकळ्या-ठोकळ्याने हिशोब करतात, त्याने काम बरंच वाचतं.) कॉल लागल्यावर पहिला सेकंदभर एको येतो आणि मग आपोआप थांबतो, असं झालंय ना कधी? तेव्हा तो तुमची खोली शिकत होता.

मग नालासोपाऱ्यात हा कॅन्सलर का हरला? एक तर आवाज फुल्ल. छोटा स्पीकर शेवटच्या रेघेवर वाजवला की आवाज फाटतो, त्यात असे सूर येतात जे फोनने पाठवलेलेच नव्हते, आणि गुणाकार-बेरजेच्या हिशोबात त्यांना जागाच नाही. दुसरं, चौघं एकदम ओरडतात. माईकमध्ये मित्राचा स्वतःचा आवाज पण असतो, तो फोनला चूक वाटतो आणि फोन चुकीच्या दिशेने शिकतो, म्हणून चांगले कॅन्सलर दोघं बोलतायत असं कळलं की शिकणं थांबवतात. तिसरं कारण खोली. हा मुलगा आधी इथेच लालबागला एका चाळीत राहायचा, ती चाळ रीडेव्हलपमेंटला गेली आणि ते तिकडे फ्लॅटमध्ये गेले. नवीन टाइल्स, स्लायडिंगच्या काचा, फर्निचर अजून यायचंय. चाळीतल्या दहा बाय बाराच्या खोलीत गाद्यांची चळत, दोरीवरचे कपडे, कपाटावरच्या बॅगा, आवाज तिथेच मुरतो. रिकाम्या टाइल्सच्या खोलीत हिशोबाने तो दोन सेकंदांच्या वर घुमू शकतो, कुठे ते ३२०० आकडे आणि कुठे ही शेपटी. १८९५मध्ये हार्वर्डच्या एका लेक्चर हॉलमध्ये शब्दच कळत नव्हते, तेव्हा वॉलेस सबाइन या तरुण प्राध्यापकाने रात्री-रात्री शेजारच्या थिएटरातल्या खुर्च्यांच्या गाद्या आणून ठेवल्या आणि किती गाद्यांना घुमणं किती कमी होतं ते स्टॉपवॉचने मोजलं, त्यातून खोलीत आवाज किती वेळ घुमेल याचं आजचं सूत्र निघालं.

हे सांगायचं कारण, त्या मुलाच्या आईला कोणीतरी म्हणे सांगितलंय की घरात आवाज घुमतो म्हणजे वास्तुदोष, शांत करून घ्या, खर्च एवढा एवढा. कृपा करून असल्या गोष्टींवर पैसे घालवू नका. एक जाड पडदा लावा, जमिनीवर सतरंजी टाका, गादी भिंतीला उभी करा आणि टाळी वाजवून बघा. फरक कानाला कळतो, त्याला मुहूर्त लागत नाही.

तसंच एक जाहिरातीतलं. इअरबड्सच्या खोक्यावर एएनसी लिहिलेलं बघून पोरं घेतात, पण ते तुमच्या कानासाठी असतं, बाहेरचा आवाज तुम्हाला कमी यावा म्हणून. तुमच्या मागचा पंखा आणि कुकर मित्रांना ऐकू जाऊ नये यासाठीची सोय वेगळी, तिला ईएनसी म्हणतात. आणि साध्या ब्लूटूथवर माईक चालू केला की बऱ्याचदा गेमचा आवाज एकदम जुन्या टेलिफोनसारखा होतो, कारण गाणी ऐकायचा ब्लूटूथचा मार्ग एकेरी आहे, बोलायला दुसरा दुहेरी मार्ग धरावा लागतो आणि त्यात सेकंदाला ८ किंवा १६ हजारच नमुने बसतात. बड्स खराब झालेले नसतात. गेमला वायरचा हेडसेट बरा.

आणि शेवटी हेडसेटचाच उपाय केला. त्या रात्री मित्राला आवाज अर्ध्यावर आणायला सांगितला, एको निम्म्याहून कमी झाला. शनिवारी तो आजीकडे लालबागला आला तेव्हा भाच्याने ड्रॉवरमधला "गेलेला" हेडसेट त्याला देऊन टाकला. स्पीकर बंद, रस्ताच तुटला, एको संपला.

आता तक्रार आहे ती आवाज तुटण्याची, त्याचं कारण वेगळं. बोलणं साधारण २० मिलिसेकंदांच्या तुकड्यांत जातं, आणि उशिरा आलेल्या तुकड्यासाठी कोणी थांबत नाही, "डावीकडे बघ" दोन सेकंदांनी कळून काय उपयोग. पलीकडचा फोन थोडे तुकडे साठवून मग वाजवतो म्हणजे मागे-पुढे आलेले रांगेत लागतात, पण वायफायवर गर्दी झाली की ते साठवणं पण पुरत नाही. २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात एकमेकांवर न चढणारे चॅनल तीनच, १, ६ आणि ११, आणि भाच्याच्या खोलीत उभं राहून मी शेजाऱ्यांची वायफाय नावं मोजली तर एकोणीस निघाली. राउटरला ५ गिगाहर्ट्झ होतं, फोन मात्र जुन्याच पट्ट्यावर जोडलेला. तो बदलला, आणि चपलांच्या स्टँडमागे ठेवलेला राउटर बहिणीला विचारून टीव्हीच्या वरच्या फळीवर नेला.