ओटकेक: ग्लूटेनविना जुळणारं पीठ

स्कॉटलंडच्या उत्तरेला उन्हाळा थंड, ओला आणि तोकडा असतो. गव्हाला ही हवा मानवत नाही, ओटला मानवते. म्हणून तिथं शतकानुशतकं रोजच्या जेवणात ओटकेक असे: ओटची भरड, चरबी, मीठ आणि पाणी एवढ्यावर होणारी पातळ, कडक चकती. १४व्या शतकातल्या एका फ्रेंच बखरकाराने नोंदवलंय, की स्कॉट सैनिक खोगिराशी लोखंडी पत्रा आणि पिठाची पिशवी बाळगत आणि मुक्कामाला विस्तवावर चकत्या भाजून घेत.

घरी करताना अडतं ते पीठ एकजीव होण्यापाशी. कणकेत ग्लूटेन या चिवट प्रथिनाची जाळी तयार होते, म्हणून पोळी ताणली तरी फाटत नाही. ओटमधली प्रथिनं तशी जाळी विणत नाहीत. थंड पाण्यात भिजवलेली भरड लाटायला घेतली की कडा चिरतात. यावरचा उपाय ज्वारीची भाकरी करणाऱ्यांना सांगायला नको: उकळतं पाणी. साधारण ६० अंश सेल्सिअसला ओटमधला स्टार्च फुगून चिकट होतो. जोडीला बीटा-ग्लुकन हा विद्राव्य तंतू असतोच. ओटची लापशी बुळबुळीत लागते ती त्याच्यामुळे. हे दोघं मिळून कण धरून ठेवतात.

२२५ ग्रॅम मध्यम भरडीत चिमूटभर मीठ, पाव चमचा खाण्याचा सोडा आणि मोठा चमचाभर वितळलेली चरबी घाला. जुन्या स्वयंपाकघरांत ही चरबी बहुधा डुकराची असे; लोणीही चालतं. मग उकळतं पाणी थोडं थोडं, गोळा होईपर्यंत. आणि लगेच लाटा! गोळा निवला की चरबी थिजते, भरड उरलंसुरलं पाणी ओढून घेते आणि मघाशी नीट लाटला जाणारा गोळा भुसभुशीत होतो. एका वेळी एकाच चकतीपुरतं पीठ भिजवायची जुनी रीत मला म्हणूनच पटते.

सोड्याने चकती फारशी फुगत नाही, कारण वायू अडवायला जाळीच नाही. पण तो अल्कधर्मी असल्यामुळे खरपूस रंग आणि वास देणारी मेलार्ड अभिक्रिया जोर धरते.

भरडीचा खमंगपणा मात्र त्याआधीच, भट्टीत आलेला असतो. ओटमध्ये गव्हापेक्षा बरीच जास्त चरबी असते आणि ती फोडणारं लायपेज हे विकरही. दाणा भरडला की दोघांची गाठ पडते आणि पीठ कडवट, खवट होतं. दाणे आधीच भट्टीत तापवले की लायपेज निकामी होतं. आपल्याकडचे चपटे ओट्स वाफवलेले असतात, त्यामुळे ही भीती कमी. मिक्सरमधून रव्याइतके जाडसर काढले की काम भागतं, फक्त चकती जरा मऊसर होते.

अर्धा सेंटिमीटर जाड लाटून चकतीचे चार तुकडे करतात. त्यांना फार्ल म्हणतात. पूर्वी ते तव्यावर एका बाजूने भाजत आणि कडा वर वळल्या की दुसरी बाजू चुलीसमोर शेकत. ओव्हनमध्ये १८० अंशांवर २०-२५ मिनिटं पुरतात.

पुढे ते पिठाच्या पेटीत, कोरड्या भरडीत पुरून ठेवत. भरड ओलावा शोषते आणि चकत्या कडक राहतात. आपल्या पावसाळ्यात घट्ट झाकणाचा डबा लागेल. तरीही मऊ पडल्या तर मंद ओव्हनमध्ये पाच-दहा मिनिटं ठेवा. शिळ्या पावात स्टार्चची रचनाच बदललेली असते, इथं मात्र नुसतं हवेतलं पाणी शिरलेलं असतं. ते उडालं की चकती पुन्हा कुरकुरीत होते.