बोरमाशी

बोरमाशी : द्विपंखी गणातल्या टेफ्रिटिडी कुलातील एक चित्रपंखी फळमाशी. शास्त्रीय नाव कार्पोमिया व्हेसुव्हियाना. बोर फोडल्यावर आत अळी निघाली नाही असा माणूस खानदेशात विरळा. पण त्या अळीची माशी डोळ्यांनी पाहिलेला त्याहून विरळा.

माशी घरमाशीपेक्षा लहान, पिवळसर तपकिरी. पाठीवर काळे ठिपके आणि पारदर्शक पंखांवर पिवळट आडवे पट्टे. चित्रपंखी म्हणतात ते यामुळे. पिकल्या केळीच्या घडावर घोंघावणारी चिलटे ही नव्हेत. ती सडत्या फळावर येतात, बोरमाशी मात्र झाडावरच्या धडधाकट, कोवळ्या फळाला गाठते. इटलीतील कीटकशास्त्रज्ञ आकिले कोस्ता यांनी १८५४ मध्ये तिचे वर्णन केले आणि व्हेसुव्हियस ज्वालामुखीवरून तिला नाव दिले. जळगावच्या मेहरूण बोरातल्या किडीला नेपल्सजवळच्या डोंगराचे नाव मिळाले, ते असे. दक्षिण युरोपापासून इराण, पाकिस्तान, भारतापर्यंत ती आढळते. चीनच्या तुर्फान भागात ती २००७ मध्ये प्रथम सापडली.

‘ज्या गावच्या बोरी त्याच गावच्या बाभळी’ ही म्हण बाभळीपेक्षा या माशीला जास्त शोभेल. बोरीच्या प्रजातीच तिचे घर, आणि तिचे सगळे वेळापत्रक बोरीच्या बहराशी बांधलेले. पावसाळ्यात बोरी फुलतात. पुढे फळ वाटाण्याएवढे झाले की मादी टोकदार अंडनिक्षेपक सालीत खुपसून आत अंडे घालते. टोचलेल्या जागी फळाची वाढ खुंटते, खळगा पडतो आणि बोर वेडेवाकडे होते. दोन ते पाच दिवसांत अळी बाहेर येते. पांढरट, बिनपायाची ही अळी आठळीभोवतीचा गर खात जाते आणि मागे तपकिरी विष्ठा सोडते. वाढ पुरी झाली की सालीला भोक पाडून ती मातीत उतरते आणि तिथेच कोष करते. हंगामात अशा अनेक पिढ्या होतात. संक्रांतीच्या सुगडात आणि बोरन्हाणात पडणारी बोरे आधी फोडून पाहावीत, हे बरे.

हंगाम सरल्यावर काय, हा या माशीच्या चरित्रातला सर्वांत नवलाचा भाग. बोरी रिकाम्या होतात, उन्हाळ्यात खानदेशचा पारा ४५ अंशांवर चढतो, आणि कोष झाडाखालच्या मातीत निपचित पडून राहतात. ही सुप्तावस्था महिनोन्‌महिने चालते. नव्या बहराची फळे धरू लागली की माश्या वर येतात.

म्हणूनच तिला गाठायची जागा फांदीवर नाही, खोडाभोवती आहे. उन्हाळ्यात तिथली माती खणून उलथली की कोष उन्हाने मरतात किंवा पाखरांच्या तोंडी पडतात. गळलेली, किडकी बोरे रोज वेचून खोल पुरावी लागतात. झाडाखालीच टाकून दिली तर खणण्याचा काही उपयोग नाही. बांधावरच्या रानबोरीही विसरू नयेत. त्यांना कोणी फवारत नाही, आणि बागेत माशी पुन्हा येते ती बहुधा तिथूनच. फोपियस कार्पोमिये ही परोपजीवी गांधीलमाशी मात्र फुकट काम करते. तिची पिल्ले बोरमाशीवरच पोसतात.

आंब्याच्या बागेत टांगतात तो मिथाइल युजेनॉलचा सापळा इथे चालत नाही. त्यात बॅक्ट्रोसेरा या दुसऱ्या प्रजातीतल्या फळमाश्यांच्या नरांचा खच पडतो आणि शेतकऱ्याला काम फत्ते झाल्यासारखे वाटते. बोरमाशी त्या वासाकडे फिरकतही नाही.