पारधी बेड्यावरचा संशय आला कुठून?

वावरातला मोटरपंप चोरीला गेला की चौकशीची गाडी आधी पारधी बेड्यावर, म्हणजे पारध्यांच्या वस्तीवर, थांबते. बेड्यावरचं पोर किराणा दुकानात शिरलं की दुकानदाराचा हात नकळत गल्ल्यावर जातो. त्याच्या मनात त्या पोराविषयी वैर नसतं. 'त्यांच्यापासून जपून राहावं' एवढंच तो लहानपणापासून ऐकत आलेला असतो.

हे जपून राहणं एकेकाळी कायद्यानं शिकवलं. 1871 चा गुन्हेगार जमाती कायदा आधी उत्तर भारतात आला, 1911 च्या कायद्यानं त्याला देशभर वाट मिळाली. पारध्यांसह अनेक जमाती त्याच्या कक्षेत आल्या. सरकारी अधिसूचनेत अख्खी जमात 'गुन्हेगार' ठरे आणि त्याविरुद्ध न्यायालयात दाद मागता येत नसे. मग नोंदवहीत नाव, बोटांचे ठसे, ठरलेल्या वेळी हजेरी. मुक्काम हलवायचा तर आधी कळवायचं. चुकलं तर शिक्षा. आमच्या मते सर्वांत खोल परिणाम वेगळ्याच कलमाचा झाला: कोण आलं, कोण गेलं हे पोलिसांना कळवणं गावच्या पाटलाचं आणि राखणदाराचं कर्तव्य ठरलं. पाळत ठेवणं गावाच्या अंगवळणी पडलं ते असं.

त्याआधी गावाशी नातं कामाचं होतं. फासेपारधी तितर-लावे धरत, टाकणकार पारधी जात्या-पाट्यांना टाकी लावून देत. पुढे पिठाची चक्की आली, दळणाची दगडी जाती मागे पडली. 1972 च्या वन्यजीव कायद्यानं फासेही गेले. काम गेलं, ओळख तेवढी उरली.

31 ऑगस्ट 1952 रोजी जुना कायदा रद्द झाला. त्याच्या जागी राज्याराज्यांत सराईत गुन्हेगारांचे कायदे आले; मुंबई राज्याचा 1959 चा. त्यात जमातीऐवजी व्यक्तीची आधीची शिक्षा पाहायची होती, पण पोलिसांची आणि गावाची नजर जमातीवरच राहिली. जिथे रोज झडती होते तिथेच काहीतरी सापडतं, आणि सापडलेलं जुन्या समजुतीला पुरावा म्हणून जोडलं जातं. बाकीच्या वस्त्यांत कुणी शोधतच नाही.

कागदांचंही तसंच. अनुसूचित जमातीच्या दाखल्यासाठी 6 सप्टेंबर 1950 पूर्वीच्या वास्तव्याचा पुरावा मागतात: कोतवाल बुकातली (गावच्या जन्म-मृत्यूच्या जुन्या वहीतली) नोंद, शाळेचा दाखला, जमिनीचा उतारा. पालं टाकून फिरणाऱ्या, शाळेची पायरी न चढलेल्या आजोबांचा असा कागद नातवानं आणायचा कुठून?

ऑक्टोबर 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तुरुंग नियमावल्यांतल्या जातिभेदाच्या तरतुदी रद्द केल्या आणि विमुक्त, म्हणजे जुन्या कायद्यानं 'गुन्हेगार' ठरवलेल्या, जमातींच्या लोकांना मनमानी अटक होऊ नये, असं पोलिसांना बजावलं.