पूर्व कोलकात्याच्या पाणथळ जमिनीची पार्श्वभूमी

कोलकात्याच्या पूर्वेला शहर संपतं तिथे साडेबारा हजार हेक्टरचा पाणथळ पट्टा आहे. लोक त्याला निसर्गाचा ठेवा म्हणतात, पण ते अर्धंच खरं आहे. आज दिसतात ती तळी, बांध, कालवे माणसांनी घडवलेत आणि माणसंच ते चालू ठेवतात.

मुळात शहराचा उतार पश्चिमेच्या हुगळी नदीकडे नाही, पूर्वेकडे आहे. म्हणून इंग्रजांच्या काळात सांडपाणी पूर्वेच्या बिद्याधरी नदीकडे वळवलं. तेव्हा तिथे भरतीचं खारं पाणी यायचं आणि मासेमारीही खाऱ्या पाण्यातलीच. पुढे नदी गाळानं भरत गेली, १९२८ ला ती मृत म्हणून जाहीर झाली, खारं पाणी यायचं थांबलं आणि मासेमारी बसली. मग १९३० च्या आसपास तिथल्या लोकांनी तळ्यांमध्ये सांडपाणीच घेऊन मासे वाढवायला सुरुवात केली.

ऐकायला किळसवाणं वाटेल, पण यामागचं शास्त्र पक्कं आहे. या तळ्यांना तिकडे भेडी म्हणतात आणि ती मुद्दाम उथळ ठेवतात, म्हणजे ऊन तळापर्यंत जातं, शेवाळ वाढतं, शेवाळ ऑक्सिजन सोडतं, त्या ऑक्सिजनवर जिवाणू घाण कुजवतात, त्यातून निघालेल्या खतावर पुन्हा शेवाळ वाढतं आणि ते रोहू, कटला, मृगळ खातात. काठाला जलपर्णी लावतात, लाटांनी बांध ढासळू नये म्हणून. एरवी आपण जलपर्णीला शत्रूच समजतो, इथे तिलाही काम दिलंय. तळ्यातून निघालेलं पाणी पुढे भातशेतीला जातं. शहराला सांडपाण्यासाठी यंत्रांवर जो खर्च करावा लागला असता, तो या कोळ्यांनी आणि शेतकऱ्यांनी वाचवला.

तरी शहर पुढे सरकतच राहिलं. १९६० च्या दशकात हुगळीचा गाळ पाइपने आणून याच पाणथळ पट्ट्यातला सॉल्ट लेकचा भाग बुजवला आणि उपनगर उभं केलं. १९८० च्या सुरुवातीला ध्रुबज्योती घोष नावाचे सरकारी इंजिनियर शहराचं सांडपाणी जातं कुठे हे शोधत या तळ्यांपर्यंत पोचले आणि तिथल्या कामकऱ्यांकडून सगळं समजून घेतलं. मला वाटतं या इतिहासातली सगळ्यात मोठी गोष्ट हीच, कारण पिढ्यांचं ते शहाणपण तोवर कागदावर फारसं नव्हतंच.

त्यांनी नकाशे केले, हद्द आखली. मग याच पट्ट्यातल्या जमिनीवर ट्रेड सेंटर बांधायचा प्रस्ताव आला तेव्हा ‘पब्लिक’ नावाची नागरिकांची संस्था कोर्टात गेली. १९९२ ला कलकत्ता हायकोर्टाने निकाल दिला की ही पाणथळ जमीन बुजवता येणार नाही, आणि हद्दीसाठी घोषांचा नकाशा आधाराला घेतला. २००२ ला हा भाग रामसर यादीत, म्हणजे जगभरातल्या महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या आंतरराष्ट्रीय यादीत गेला, २००६ ला राज्याने त्याच्या संरक्षणासाठी वेगळा कायदा केला.

एवढं असूनही कडेकडेने भराव पडतातच. पण त्याहून जास्त काळजी मला पाण्याची वाटते. भेडीत पुरेसं सांडपाणी वेळेवर आलं नाही, गाळ काढला नाही तर तळं वर्षावर्षाला हवं त्याहून जास्त उथळ होत जातं, मासे कमी, कमाई कमी, आणि मग मालकाला जमीन विकण्यावाचून पर्याय राहत नाही. हे होताना नकाशावरची हद्द मात्र जिथल्या तिथेच असते.