घटिकेतला मोती

लीलावतीच्या दंतकथेतला हा प्रसंग, आणि त्यातच काळ अन् कार्यकारणाचा एक पेच अडकलेला आहे. गोष्ट सगळ्यांना माहीत असते. ज्योतिषी बापाला मुलीच्या पत्रिकेत वाईट योग दिसतो, तो टाळायला लग्नाचा एकच मुहूर्त निघतो, त्यासाठी पाण्यात घटिका, म्हणजे वेळ मोजायची बुडाला भोक असलेली वाटी, सोडतात, मुलगी वाकून बघते आणि तिच्या दागिन्यातला मोती नेमका घटिकेच्या भोकात जाऊन बसतो. घटिका बुडतच नाही, मुहूर्त निघून जातो.

यातला बाप म्हणजे बाराव्या शतकातले गणिती भास्कराचार्य, आणि त्यांच्यामुळे ही गोष्ट खान्देशाला चिकटली. चाळीसगाव तालुक्यातल्या पाटण्याला, पाटणादेवीच्या डोंगरात, १२०७ च्या सुमाराचा शिलालेख सापडला, तो भाऊ दाजी लाड यांनी १८६५ च्या आसपास उजेडात आणला. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवायला मठ काढला, त्याला मिळालेली दानं त्यात आहेत, आणि शेवटचा भाग तर जुन्या मराठीत आहे, 'इयां पाटणीं' असं म्हणून कुठल्या मालावरचं काय उत्पन्न मठाला द्यायचं ते सांगितलंय. आता यावरून भास्कराचार्य पाटण्याचेच असं आपल्याकडे छातीठोकपणे सांगतात. त्यांनी स्वतः गावाचं नाव विज्जडविड दिलंय, सह्याद्रीच्या आश्रयाचं. ते कोणी बीड म्हणतं, कोणी विजापूर, कोणी पाटण्याजवळचंच गाव. सह्याद्री बघितला तर पाटण्याची बाजू जड वाटते, पण लेखावरून नातवाचा मठ तिथे होता एवढंच पक्कं होतं. लीलावतीच्या लग्नाबद्दल त्यात अक्षर नाही.

मुळात कथाच उशिराची दिसते. भास्कराचार्यांचा 'लीलावती' हा गणिताचा ग्रंथ ११५० च्या सुमाराचा, आणि कथा आपल्याला सापडते ती अकबराच्या दरबारातल्या फैजीने १५८७ मध्ये केलेल्या फारसी भाषांतरात, म्हणजे मध्ये चारशेहून जास्त वर्षं गेली. ग्रंथात 'अये बाले लीलावति' आहे हे खरं, पण भुंग्यांच्या गणितात 'कान्ते' पण आहे, आणि मुलीला कोणी कान्ते म्हणत नाही. त्यामुळे ती मुलगी, बायको की नुसतं काव्यातलं संबोधन, हा वाद उघडाच आहे.

खरी गंमत यंत्रात आहे. घटिका म्हणजे बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी, ती घंगाळातल्या पाण्यावर सोडायची, भरून बुडाली की एक घटका, म्हणजे २४ मिनिटं, अशा ६० घटकांचा दिवस-रात्र. जुने ग्रंथकार तांबं १० पळं वजनाचं, उंची ६ अंगुळं, भोक अमुक वजनाच्या सोन्याच्या तारेएवढं असं माप देतात. भास्कराचार्यांनी सिद्धांतशिरोमणी या आपल्या ज्योतिषग्रंथाच्या यंत्राध्यायात हे सगळं बाजूला सारलं, या मापांना आधार नाही आणि तशी वाटी बनवणंही अवघड म्हणाले. त्यांचं म्हणणं साधं, अर्ध्या घड्यासारखी वाटी करा, एका दिवस-रात्रीत किती वेळा बुडते ते मोजा, त्यावरून तिचं माप काढा. म्हणजे वाटी काळ ठरवत नाही, सूर्य ठरवतो, वाटी सूर्याशी जुळवून घ्यायची. त्याच अध्यायात दहा यंत्रं सांगून खरं यंत्र एकच, धी म्हणजे बुद्धी, असंही म्हटलंय. असा माणूस मुलीच्या आयुष्याचा प्रश्न एका वाटीवर टाकून बसेल आणि आकाशाकडे बघणारच नाही, हे पटत नाही.

पेच मात्र कथेतलाच आहे. भाकीत झालं म्हणून घटिका मांडली, घटिका मांडली म्हणून पोरगी वाकली, वाकली म्हणून मोती पडला आणि भाकीत खरं ठरलं. मग कारण कोण, मोती की भाकीत? न्याय या जुन्या तर्कशास्त्रात कारण ठरायला नुसतं आधी असणं पुरत नाही, कुंभाराचं गाढव घड्याच्या आधी हजर असलं तरी ते घड्याचं कारण नाही, गाढव नसतं तरी घडा झालाच असता. त्या हिशोबाने मोत्याला सोडता येत नाही, तोच भोकात बसला. पण भाकीतही गाढवासारखं बाजूला काढता येत नाही, कारण ते नसतं तर घंगाळच मांडलं नसतं. वैशेषिक दर्शनवाले तर काळालाच उत्पन्न होणाऱ्या सगळ्याचं सामाईक कारण मानतात, तिथे मोती बिचारा फक्त निमित्त.

'घटका भरली' हे बोलण्यात राहिलंय, वाटी लग्नातून जवळजवळ गेली. आता लग्नपत्रिकेवर १२ वाजून ३५ मिनिटं छापतात, वरात मारुतीच्या पारावर बँडपुढे नाचत राहते, गुरुजी मोबाईल बघतात आणि अक्षता पडेपर्यंत दोन वाजतात.