जोड मागवताना मापाबरोबर मानकही सांगा

‘दोन इंची पाइपला फ्लँज (बोल्टने जोडायची, भोके असलेली कडा) द्या’ एवढीच मागणी आली की आम्ही उलट चार प्रश्न विचारतो. काही ग्राहकांना तो वेळकाढूपणा वाटतो. पण अजिबात न बसणारा भाग फारसा त्रास देत नाही, तो लगेच बदलून नेला जातो. त्रास देतो तो जवळजवळ बसणारा भाग.

आटे

अर्ध्या इंचाच्या आट्यांचेच बघा. बीएसपी म्हणजे ब्रिटिश मानकाच्या आट्यांचा कोन ५५ अंश, एनपीटी म्हणजे अमेरिकी मानकाच्या आट्यांचा ६० अंश. मात्र दोन्हींत इंचाला १४ आटे असतात, म्हणून एक दुसऱ्यात काही फेरे सहज जातो आणि मग आवळल्यासारखा वाटतो. प्रत्यक्षात आट्यांच्या मधे फट उरलेली असते. टेफ्लॉन टेप कितीही गुंडाळा, दाब आला की तिथून गळणारच. पाऊण इंचाचीही हीच गत. एक इंचाला मात्र बीएसपीचे ११ आणि एनपीटीचे साडेअकरा आटे असल्यामुळे घोटाळा लवकर लक्षात येतो.

बीएसपीतही दोन प्रकार आहेत. आयएसओ ७-१ या आंतरराष्ट्रीय मानकाप्रमाणे बाहेरचे आटे निमुळते असतात आणि गळती आट्यांवरच थांबते. आयएसओ २२८-१ चे आटे समांतर असतात. ते फक्त आवळून धरतात, गळती थांबवायचे काम वॉशरचे. वॉशर न घालता नुसती टेप लावून भागवू नका.

फ्लँज

दोन इंची फ्लँज युरोपीय पद्धतीचा पीएन १६ असो की एएसएमई बी१६.५ या अमेरिकी मानकाचा क्लास १५० (पीएन आणि क्लास हे दाबाचे वर्ग), भोके चारच. पण भोकांच्या वर्तुळाचा व्यास पहिल्यात १२५ मिमी आणि दुसऱ्यात १२०.७ मिमी. मग कुणीतरी गोल कानस घेऊन भोके वाढवत बसतो. कृपया हे करू नका, गॅस्केटवर (दोन फ्लँजमधल्या गळती थांबवणाऱ्या चकतीवर) सारखा दाब येत नाही. तीन इंचाला क्लास १५० मध्ये चार आणि पीएन १६ मध्ये आठ भोके, त्यामुळे तिथे चूक लपत नाही.

क्लास १५० म्हणजे १५० पीएसआय दाब असा समज सर्रास आढळतो. तो चुकीचा आहे. साध्या कार्बन स्टीलचा हा फ्लँज नेहमीच्या तापमानाला १९.६ बार (१ बार म्हणजे सुमारे १४.५ पीएसआय) झेलतो, २०० अंश सेल्सियसला १३.८ बार आणि ४०० अंशांना जेमतेम ६.५ बार. म्हणून वाफेच्या लाइनसाठी तापमान कळल्याशिवाय आम्ही फ्लँज देत नाही.

वेल्डिंग

टोकाला टोक जोडायचे असेल तर पाइपची कड सहसा साडेसदतीस अंशांत तासलेली लागते. सॉकेट वेल्डमध्ये, म्हणजे पाइप जोडाच्या खोबणीत घालून वेल्ड करताना, पाइप तळाला टेकवा, मग सुमारे दीड मिमी मागे घ्या आणि मगच वेल्ड करा. गरम होऊन पाइप लांबतो, त्याला जागा हवी. एएसएमईच्या बॉयलर संहितेच्या नवव्या विभागानुसार वेल्डरने सहा महिने त्या पद्धतीचे काम केले नसेल तर त्याची पात्रता संपते, तेव्हा प्रमाणपत्राबरोबर अलीकडच्या कामाची नोंदही मागा.

पाइप की ट्यूब

अर्ध्या इंची पाइपचा बाहेरचा व्यास २१.३ मिमी, तर अर्ध्या इंची ट्यूबचा १२.७ मिमी. शिवाय १२ मिमीची ट्यूब वेगळी. फेरूलच्या (ट्यूबवर आवळून बसणाऱ्या कड्याच्या) जोडात हा ०.७ मिमीचा फरक चालत नाही, कॅलिपरने मोजूनच कळवा.

जुना भाग हाताशी असेल तर तोच घेऊन या. फ्लँजच्या कडेवर ठोकलेली अक्षरे रंगाखाली गेली असतील तर तारेच्या ब्रशने घासून फोटो पाठवा.