क्लेम केलेल्या गेमला कुलूप का लागते?

प्लेस्टेशन प्लस ही सोनीच्या प्लेस्टेशन कन्सोलवरची वर्गणी. तिच्या सदस्यांना दर महिन्याला काही गेम मिळतात, आणि ते आपल्या खात्याच्या लायब्ररीत जोडून घेणे म्हणजे क्लेम करणे. ही वर्गणी संपली की लायब्ररीतल्या काही गेमच्या चित्रांवर छोटेसे कुलूप येते. गेम कुठे गेलेला नसतो. साठ-सत्तर जीबीची फाइल कन्सोलमध्ये जशीच्या तशी असते, ट्रॉफ्या असतात, सेव्हही, म्हणजे खेळ कुठवर आला त्याची नोंदही, असतो. फक्त गेम सुरू होत नाही. वर्गणी पुन्हा भरली की कुलूप निघते, अगदी चार-पाच वर्षांपूर्वी क्लेम केलेल्या गेमवरचेही. मात्र मधल्या काळात जे महिने बुडाले त्यांचे गेम मिळत नाहीत, कारण ते क्लेमच झालेले नसतात. पैसे देऊन घेतलेल्या गेमना, प्लसच्या सवलतीत घेतलेल्यांनाही, हे कुलूप लागत नाही.

चवथीच्या सुट्टीत घरात चुलत-मावस भावंडे जमली आणि नेमके तेव्हाच कुलूप दिसले, की मोठ्यांची समजूत होते की कंपनीने गेम चोरले. मुलांची समजूत उलटी असते: सगळे असेच चालते, त्यात काय. खरे तर हे नेहमीच असे नव्हते, आणि असेच असायला हवे होते असेही नाही.

गोव्यात कन्सोल रुजला तो डिस्कच्या जोरावर. आखातातून किंवा जहाजावरून परतणाऱ्या काकाच्या बॅगेतून प्लेस्टेशन यायचे, सोबत दोन-चार डिस्क. बाकीच्या डिस्क मित्रांत फिरायच्या, बदलल्या जायच्या, कधी परतच यायच्या नाहीत. त्यात अस्सल किती आणि नकली किती हा प्रश्न त्या काळात फारसा कुणी विचारला नाही. डिस्क ज्याच्या हातात, गेम त्याचा. कंपनीला यातला कुठलाही व्यवहार दिसत नव्हता, आणि पुढे जे काही घडले ते बऱ्याच अंशी कंपन्यांना हे दिसायला लागल्यामुळे घडले.

मुदत संपणारा गेम ही कल्पना मात्र डिस्कहून जुनी आहे. अमेरिकेत १९८३ मध्ये अटारी २६०० साठी गेमलाइन नावाची सेवा निघाली होती. टेलिफोनच्या तारेवरून गेम उतरवायचा, ठरावीक वेळा खेळायचा, मग पुन्हा पैसे मोजून पुन्हा उतरवायचा. कंपनी लवकरच बुडाली, पण तिच्या अवशेषांतूनच पुढे अमेरिका ऑनलाइन उभी राहिली. १९९४ मध्ये सेगाने केबल टीव्हीवरून सेगा चॅनल सुरू केले. महिन्याची वर्गणी आणि दर महिन्याला पन्नासपर्यंत गेम. कन्सोल बंद केला की उतरवलेला गेम मेमरीतून पुसला जायचा. १९९८ मध्ये तेही बंद झाले. या दोन्ही सेवांत फसवणूक म्हणावी असे काही नव्हते. गेम तुमचा झाला असे त्यांनी कधी सुचवलेच नाही. क्लेम करा, लायब्ररीत जोडा ही भाषा नंतरची.

ती आली २०१० च्या जूनमध्ये, प्लेस्टेशन प्लसबरोबर. त्या वेळी प्लेस्टेशन ३ म्हणजे पीएस३ वर ऑनलाइन खेळणे फुकट होते, तर एक्सबॉक्सवर २००२ पासूनच त्याचे पैसे पडत. सोनीला वर्गणीची कमाई हवी होती, पण ऑनलाइन खेळ पैशांत घालून पीएस३ वाल्यांना दुखवायचे नव्हते. मग वर्गणीच्या बदल्यात द्यायचे काय? तर गेम. वाइपआउट एचडीसारखे गेम सदस्यांना दिले गेले आणि अट पहिल्या दिवसापासून स्पष्ट होती: सदस्यत्व आहे तोवरच. वर्षाचे पन्नास डॉलर भरून सदस्य गेम उतरवत होते आणि सोडून जाताना मागे ठेवत होते. म्हणजे कुलूप हे नंतर बसवलेले नाही, ते या योजनेचा पायाच आहे. गेम कायमचा दिला तर माणूस एक महिना भरेल, सगळे उचलेल आणि निघून जाईल. अडवून ठेवला तर जितके महिने तो राहील तितकी त्याची लायब्ररी वाढेल आणि तितके सोडणे जड जाईल. जून २०१२ मध्ये सोनीने इन्स्टंट गेम कलेक्शन आणले, इनफेमस २ आणि लिटलबिगप्लॅनेट २ असे मोठे गेम त्यात टाकले, आणि हे गणित पूर्णपणे जमले.

मधल्या काळात एक अपवाद घडला. एप्रिल २०११ मध्ये प्लेस्टेशन नेटवर्कवर हल्ला झाला, सुमारे ७ कोटी ७० लाख खात्यांची माहिती धोक्यात आली आणि सेवा तीन आठवड्यांहून अधिक बंद राहिली. नेटवर्क परत सुरू झाल्यावर सोनीने सर्वांना ठरावीक यादीतून दोन गेम निवडू दिले. ते गेम कायमचे होते, वर्गणीशी त्यांचा संबंध नव्हता. सोबत दिलेले प्लसचे तीस दिवस मात्र तीस दिवसांनी संपले. एकाच भरपाईत दोन्ही तऱ्हा होत्या.

आता १० जून २०१३. कन्सोलच्या इतिहासात या दिवसाची आठवण काढली जाते ती वेगळ्या कारणासाठी. मायक्रोसॉफ्टने नव्या एक्सबॉक्स वनसाठी दर चोवीस तासांनी इंटरनेट तपासणीची अट घातली होती आणि जुन्या डिस्कच्या विक्रीवर बंधने आणली होती. लॉस एंजेलिसच्या ई३ या गेमच्या प्रदर्शनात त्या संध्याकाळी सोनीने तिची खिल्ली उडवली, मंचावरून आणि एका छोट्या व्हिडिओतूनही. पीएस४ चा गेम मित्राला कसा द्यायचा, तर एक माणूस डिस्क दुसऱ्याच्या हातात देतो, एवढाच तो व्हिडिओ. शिवाय पीएस४ ची किंमत ३९९ डॉलर आणि एक्सबॉक्स वनची ४९९. सभागृह डोक्यावर घेतले गेले. मायक्रोसॉफ्टने नऊ दिवसांत माघार घेतली.

टाळ्यांच्या त्या गदारोळात त्याच मंचावरून सांगितलेली एक गोष्ट बरीच दुर्लक्षित राहिली: पीएस४ वर ऑनलाइन खेळायला यापुढे प्लस लागेल. डिस्क तुमच्या हातात राहिली, पण वर्गणी आता बहुतेकांना भरावीच लागणार होती. माझ्या मते डिस्कची लढाई जिंकल्याच्या आनंदात खेळाडू तिथे मोठी गोष्ट हरले.

त्याच दिवशी मायक्रोसॉफ्टने गेम्स विथ गोल्ड जाहीर केले, म्हणजे एक्सबॉक्सच्या गोल्ड या वर्गणीच्या सदस्यांना गेम. जुलै २०१३ मध्ये असॅसिन्स क्रीड २ आणि ऑक्टोबरमध्ये हेलो ३ दिला. आणि इथे खरी गंमत आहे. एक्सबॉक्स ३६० वर मिळालेले हे गेम सदस्यत्व संपल्यावरही तुमचेच. गोल्ड सोडा, दहा वर्षांनी परत या, गेम चालेल. पुढच्या वर्षी, जून २०१४ मध्ये, हीच योजना एक्सबॉक्स वनवर आली तेव्हा नियम बदलला: या कन्सोलवरचे क्लेम केलेले गेम गोल्ड चालू असेपर्यंतच. कंपनी तीच, योजना तीच, नाव तेच. एका पिढीच्या गेमला कुलूप नाही, दुसरीला आहे. कुलूप लावण्यावाचून इलाज नव्हता, तंत्रज्ञानच तसे आहे, असे कुणी सांगू लागले तर त्याला हे उदाहरण दाखवावे.

हा फरक शेवटपर्यंत टिकला. १ सप्टेंबर २०२३ रोजी गेम्स विथ गोल्ड बंद झाले आणि दोन आठवड्यांनी गोल्डची जागा गेम पास कोअर या नव्या वर्गणीने घेतली. तेव्हाही मायक्रोसॉफ्टने तेच सांगितले: ३६० चे क्लेम केलेले गेम राहतील, एक्सबॉक्स वनचे हवे असतील तर कोअर किंवा गेम पास अल्टिमेट ही वरची वर्गणी चालू ठेवा. जुलै २०२४ मध्ये ३६० चे दुकान बंद झाले, म्हणजे नवी खरेदी थांबली. आधी खात्यावर असलेले मात्र अजून उतरवता येते.

गोव्याच्या वाचकाला हे नाते नवे वाटू नये. भाटकाराच्या जमिनीवर मुंडकार राहतो, घर त्याचे, जमीन दुसऱ्याची. फरक एवढाच की मुंडकाराला उठवू नये म्हणून १९७५ चा कायदा आहे आणि क्लेम केलेल्या गेमच्या मालकाला, म्हणजे तथाकथित मालकाला, तसे काही नाही. कॅलिफोर्नियाने २०२४ मध्ये एक कायदा केला, तो १ जानेवारी २०२५ पासून लागू आहे. डिजिटल वस्तू विकत देतो म्हणून प्रत्यक्षात फक्त परवाना द्यायचा असेल, तर तसे ग्राहकाला आधी सांगावे लागेल असा त्याचा आशय. पण सदस्यत्वाच्या काळापुरती मिळणारी सेवा आणि फुकट दिलेल्या वस्तू त्यातून वगळलेल्या आहेत. म्हणजे तिथेही क्लेमचे गेम कायद्याच्या उंबरठ्याबाहेरच राहिले.

या कुलपाचे काही विचित्र परिणामही झाले. रॉकेट लीग जुलै २०१५ मध्ये बाजारात येतानाच प्लसचा मासिक गेम म्हणून आला आणि पाहता पाहता जगभर पसरला. ज्यांनी प्लस सोडले त्यांचा तो अडकला. सप्टेंबर २०२० मध्ये तो सर्वांसाठी फुकट झाला आणि कुलूपच निरर्थक ठरले. फॉल गाइज ऑगस्ट २०२० मध्ये प्लसमध्ये आला आणि जून २०२२ मध्ये फुकट झाला. उलटे उदाहरण फायनल फँटसी ७ रीमेकचे. मार्च २०२१ मध्ये तो प्लसमधून क्लेम करणाऱ्यांना पीएस५ आवृत्तीचे मोफत अपग्रेड नाकारले गेले, विकत घेणाऱ्यांना मिळाले. डिसेंबरमध्ये ही अट उठली खरी, पण तोवर अनेकांना पहिल्यांदाच कळले की एकाच गेमच्या दोन प्रती असतात, एक घेतलेली आणि एक नुसती वापरायला दिलेली.

नोव्हेंबर २०२० मध्ये पीएस५ बरोबर प्लस कलेक्शन आले, पीएस४ च्या गाजलेल्या वीस गेमचे. ९ मे २०२३ रोजी ते काढून टाकले गेले. ज्यांनी आधी क्लेम केले होते त्यांना ते सदस्यत्व असेपर्यंत मिळत राहिले, ज्यांनी नंतर बघू म्हटले त्यांना नाही. क्लेम करायला गेम उतरवावा लागत नाही, फक्त लायब्ररीत जोडायचा असतो, कन्सोलही लागत नाही, फोनवरून जमते. तरी लोक आळस करतात.

दरम्यान क्लेम ही गोष्टच मागे पडू लागली आहे. २०१७ मध्ये मायक्रोसॉफ्टचा गेम पास आला: शंभराच्या वर गेमची यादी, हवा तो खेळा. इथे क्लेम नाही, गेम यादीतून गेला की वर्गणी चालू असूनही गेला. जून २०२२ मध्ये सोनीनेही प्लसचे तीन थर केले, इसेन्शियल, एक्स्ट्रा आणि भारतात डिलक्स. इसेन्शियलचे मासिक गेम जुन्या नियमाने चालतात. एक्स्ट्राचे कॅटलॉगमधले, म्हणजे गेम पाससारख्या मोठ्या यादीतले, गेम वेगळे. एक्स्ट्रावरून इसेन्शियलवर उतरलात तर ते बंद, मासिक गेम मात्र चालू. लायब्ररीत दोन्ही शेजारी-शेजारी दिसतात, त्यामुळे इथे हमखास गोंधळ होतो.

भारतात या कहाणीला आणखी एक फाटा फुटला. पीएस४ इथे जानेवारी २०१४ मध्ये ३९,९९० रुपयांना आला, पीएस५ फेब्रुवारी २०२१ मध्ये ४९,९९० ला. त्याच वर्षी, १ ऑक्टोबरपासून, रिझर्व्ह बँकेचे कार्डावरच्या आपोआप कापल्या जाणाऱ्या रकमांविषयीचे नवे नियम लागू झाले. रक्कम कापण्याच्या चोवीस तास आधी ग्राहकाला कळवायचे, आणि मंजुरी आधी नीट नोंदवून घ्यायची. हेतू चांगला होता, पण परदेशी सेवांची आणि इथल्या बँकांची सांगड लगेच जमली नाही आणि असंख्य वर्गण्या न सांगता तुटल्या. वर्गणी आपण बंद केली नाही, मग कुलूप का, हा प्रश्न त्या काळात बराच ऐकू आला. तेव्हापासून अनेकजण कार्डाच्या नादी न लागता रुपयांतले गिफ्ट कार्ड घेऊन एकदम वर्षाचे भरतात. सप्टेंबर २०२३ मध्ये इसेन्शियलचे वर्ष २,९९९ वरून ३,९४९ रुपयांवर गेले, तेव्हा बऱ्याच घरांत पहिल्यांदाच हिशेब झाला की आपण यातले किती गेम खरेच खेळतो.

गोव्यात याला जोडून खात्याचा देश ही अडचण येते. दुबईत किंवा इंग्लंडात असताना उघडलेले प्लेस्टेशन खाते त्या देशाचेच राहते, देश नंतर बदलता येत नाही. माणूस मडगावला परतला, कन्सोल परतला, खाते संयुक्त अरब अमिरातीचेच. वर्गणी संपली की त्यावर रुपयांचे गिफ्ट कार्ड चालत नाही, त्या देशाच्या खात्यासाठी असलेलेच लागते. नवे भारतीय खाते उघडून त्यावर प्लस घेतले तर नव्या महिन्यांचे गेम मिळतात, पण जुन्या खात्यावर क्लेम केलेल्यांचे कुलूप निघत नाही, कारण परवाना त्या खात्याचा आहे, कन्सोलचा नाही. उलट बाजूने, काका अजून तिकडेच आहे आणि त्याचे प्लस चालू आहे, तर घरातल्या पीएस५ वर त्याच्या खात्यातून कन्सोल शेअरिंग चालू केले की इथली मुले आपापल्या खात्यावरून तेच गेम खेळू शकतात, पावसाळ्यात इंटरनेट गेले तरी. मात्र असा एकच पीएस५ एका खात्याला मिळतो, त्यामुळे काकाला तिकडे दुसरा घेतल्यावर मुलांशी बोलून घ्यावे लागते.

सेव्हचा मामला वेगळा आहे. कन्सोलवरचा सेव्ह वर्गणीविना तसाच राहतो. क्लाउडवरचा सोनी सदस्यत्व संपल्यावर सहा महिने ठेवते. पीएस४ चे सेव्ह पेनड्राइव्हवर उतरवता येतात. पीएस५ च्या गेमचे तसे सुटे उतरवता येत नाहीत, म्हणून वर्गणी सोडायची आणि कन्सोलही विकायचा असे दोन्ही एकदम ठरत असेल, तर आधी सेव्हचे काय करायचे ते ठरवावे.